सहा महिन्यांनंतर बाळाला भरवावं कसं: डाळीच्या पाण्याचा नाद सोडा

बाळाला सहा महिने पूर्ण झाले की घरोघरी एकच सल्ला फिरतो: "डाळीचं पाणी द्या, पचायला हलकं." हलकं असणारच, त्यात असतं काय? डाळ पातेल्याच्या तळाशी बसते, ती मोठे खातात आणि वरचं पिवळं पाणी बाळाच्या वाट्याला येतं. अंगणवाडीच्या कामात मी वर्षानुवर्षं बारीक मुलांची घरं फिरले. बहुतेक घरांत डाळ-तांदूळ होते, शेंगदाणे होते, परसात कोंबडीही होती. बाळाच्या वाटीत मात्र यातलं काही उतरत नव्हतं.

घाई कशाची, ते आधी सांगते. दोन वर्षांचं होईपर्यंत मुलाचा मेंदू मोठ्या माणसाच्या मेंदूच्या साधारण ८० टक्के आकाराचा झालेला असतो. गर्भारपणाचे २७० आणि नंतरच्या दोन वर्षांचे ७३० असे हजारच दिवस हातात असतात. या काळात खुंटलेली उंची पुढे भरून काढणं फार अवघड, आणि त्याच काळातली लोहाची कमतरता शिकण्या-समजण्यावर परिणाम करून जाते. "शाळेत जायला लागला की भरेल अंग" या भरवशावर राहू नका.

वजन आणि उंची दोन्ही दर महिन्याला अंगणवाडीत मोजून घ्या, कार्डावर लिहून घ्या. "आमच्यात सगळे बारीकच" हे मला ऐकवू नका. जागतिक आरोग्य संघटनेने २००६ साली वाढीचे तक्ते काढले ते सहा देशांतली मुलं मोजून, आणि त्यात दिल्लीची मुलंही होती. नीट खायला-प्यायला मिळालं की पहिल्या पाच वर्षांत सगळीकडची मुलं जवळपास सारखीच वाढतात.

काय शिजवायचं याचा फार विचार नको. घरचं धान्य, डाळ, एखादी भाजी, वर तूप किंवा तेल. अंडं चालतं, मासे चालतात, शेंगदाण्याचं बारीक कूट चालतं. वर्षाच्या आत मध नको. अंगावरचं दूध दोन वर्षं चालूच ठेवायचं.

आता खरी अडचण. मलाही हेच समजायला सगळ्यात जास्त वेळ लागला.

बाळाच्या पोटात एका वेळी मावतं वजनाच्या किलोमागे साधारण ३० मिली. म्हणजे सात किलोच्या बाळाचं पोट जेमतेम एका वाटीत भरतं. त्या वाटीत पाणी जास्त असेल तर बाळ पोटभर जेवूनही उपाशी राहतं. म्हणून अन्न दाट हवं: चमचा तिरका केला तरी ओघळून पडता कामा नये. पण पीठ शिजलं की फुगतं, पाणी धरून ठेवतं आणि लापशीचा गोळा होतो. तो बाळाला गिळवत नाही. आई पाणी घालते, सासूबाई आणखी घालतात, आणि गाडी परत डाळीच्या पाण्यावर येते.

यावरचा उपाय आहे मोडाचं पीठ. बडोद्याच्या महाराजा सयाजीराव विद्यापीठात तारा गोपालदास यांनी १९८०च्या दशकात यावर बरंच काम केलं. धान्याला मोड आले की त्यात स्टार्च तोडणारं विकर (एन्झाइम) तयार होतं. असं पीठ चमचाभर घातलं की दाट लापशी पाणी न घालता सैल होते.

नाचणी रात्रभर भिजवा, उपसून ओल्या फडक्यात बांधा, अधूनमधून पाणी शिंपडा. दीड-दोन दिवसांत मोड येतात. कडक उन्हात पातळ पसरून खडखडीत वाळवा, चोळून मोड पाखडून टाका, दळून आणा. भाजू नका! सगळ्या पाककृतींत "खमंग भाजून घ्या" असं लिहिलेलं असतं. चवीला ते ठीक, पण जास्त भाजलं की विकर मरतं आणि हातात राहतं साधं पीठ. बुरशीचा किंवा आंबूस वास आला तर सगळं फेकून द्या, वाया जातंय म्हणून हळहळू नका. पावसाळ्यात मी हे कुणाला करूच देत नाही. आणि ज्वारीला मोड आणून बाळासाठी वापरू नका. कोवळी ज्वारी गुरांना का बाधते ते शेतकऱ्याला विचारा. तेच विष त्या कोंबांत असतं.

वापरताना क्रम चुकवू नका. लापशी नेहमीपेक्षा दाट शिजवा. आचेवरून उतरवून चार-पाच मिनिटं थांबा. उकळत्या पातेल्यात मोडाचं पीठ घातलं तर काहीच होत नाही. गरम आहे पण रटरटत नाही, अशा वेळी एक लहान चमचा घाला आणि ढवळत राहा. बघता बघता लापशी सैल पडते. मग परत आचेवर ठेवून चांगली उकळी आणा, कारण ते पीठ कच्चं असतं. शेवटी तूप आणि कूट घाला.

सहा ते आठ महिन्यांत दोन-तीन चमच्यांपासून सुरुवात करून अर्ध्या वाटीपर्यंत, दिवसातून दोन-तीनदा. पुढे तीन-चारदा. वाटी बाळाची वेगळी ठेवा, म्हणजे पोटात किती गेलं ते कळतं. हात साबणाने धुवा, आपलेही आणि बाळाचेही.

भरवणं म्हणजे नाक दाबून घास कोंबणं नव्हे आणि मोबाइल समोर धरणंही नव्हे. बाळासमोर बसा, डोळ्यांत बघा, बोला. त्याने तोंड फिरवलं तर थांबा, मग परत विचारा. याला लाड म्हणणाऱ्यांना मी जमैकाची गोष्ट सांगते. १९८६च्या सुमारास किंग्स्टन शहरात उंची खुंटलेल्या १२९ मुलांचे गट केले. काहींना दोन वर्षं दर आठवड्याला एक किलो दुधाची पावडर दिली. काहींच्या घरी आरोग्यसेविका आठवड्यातून तासभर जाऊन आईला मुलाशी खेळायला-बोलायला शिकवत, घरच्याच टाकाऊ वस्तूंची खेळणी करून. काहींना दोन्ही मिळालं, काहींना काहीच नाही. दोन वर्षांनी पावडरीचा आणि खेळण्याचा असा दोन्हींचा फायदा दिसला. वीस वर्षांनी पाहिलं तेव्हा ज्यांच्याशी खेळलं गेलं ते इतरांपेक्षा साधारण २५ टक्के जास्त कमवत होते. नुसत्या पावडरीचा असा फायदा तेव्हा दिसला नाही. डब्यात चार खडे घालून केलेला खुळखुळा फुकट होतो; झाकण तेवढं घट्ट लावा.

आजारपणात खाणं बंद करू नका, थोडं थोडं करून जास्त वेळा द्या. बरं झाल्यावर दोन आठवडे रोज एक जेवण जादा.

दंडाचा घेर ११.५ सेंटिमीटरच्या खाली असेल, दोन्ही पावलांवर सूज असेल किंवा बाळ काहीच घेत नसेल, तर लापशीचे प्रयोग करत बसू नका. अशा बाळाला एकदम भरपूर खाऊ घालणंही धोक्याचं असतं. त्याच दिवशी प्राथमिक आरोग्य केंद्रात न्या आणि पोषण पुनर्वसन केंद्रासाठी, म्हणजे कुपोषित मुलांना ठेवून घेऊन उपचार करतात तिथली, चिठ्ठी मागा. बाळासोबत आईलाही तिथे राहावं लागतं, तेव्हा घरी थोरल्यांना कोण सांभाळणार ते निघण्याआधीच ठरवा.