सबनॉटिकात चांदी, लिथियम, मॅग्नेटाइट मिळत नाही? असं शोधा

सांगलीच्या विश्रामबागेत राहणारा माझा मावसभाऊ सध्या सबनॉटिका खेळतोय. परवा रात्री त्याचा मेसेज आला, "दादा, चांदीच मिळंना झालीय. तासभर फिरतोय." मी विचारलं, "किती मीटरवर फिरतोयस?" उत्तर आलं, "वीस-पंचवीस." त्या खोलीवर आणखी दोन तास फिरला असता तरी त्याच्या हाती टायटॅनियम आणि तांबंच लागलं असतं.

हा गेम खेळणारे बहुतेक जण इथंच अडकतात. सामान दुर्मीळ आहे असं वाटतं, पण खरी अडचण असते ती चुकीच्या खोलीवर, चुकीच्या दगडात शोधण्याची. गेम आहे अननोन वर्ल्ड्सचा, पूर्ण रूपात जानेवारी 2018 मध्ये आला. 4546बी नावाच्या ग्रहावरच्या समुद्रात ऑरोरा हे जहाज कोसळतं आणि आपण एका लाइफपॉडमध्ये, म्हणजे छोट्या बचाव-यानात, जिवंत राहतो. यात एक गोष्ट फार सोयीची आहे. समुद्राचा नकाशा दर वेळी नव्याने तयार होत नाही. मिरजेतल्या मित्राच्या गेममध्ये जी दरी जिथं आहे, ती तुमच्याही गेममध्ये तिथंच असते. दगड थोडे इकडेतिकडे असतील, पण कोणत्या भागात काय मिळतं हे पक्कं असतं. त्यामुळे शोध शिकता येतो, नशिबावर सोडावा लागत नाही.

पहिली पायरी: उलटा हिशोब मांडा

पाण्यात उडी मारण्याआधी कागद घ्या आणि जी वस्तू बनवायची आहे तिचा हिशोब कच्च्या मालापर्यंत खाली आणा. सीमॉथ ही छोटी पाणबुडी घ्या. रेसिपीत दिसतं: टायटॅनियम इनगॉट 1, पॉवर सेल 1, काच 2, ल्युब्रिकंट 1, शिसं 1. आता एकेक सोडवा. इनगॉटला टायटॅनियम 10. दोन काचांना क्वार्ट्झ 4. पॉवर सेलला दोन बॅटऱ्या आणि एक सिलिकॉन रबर, म्हणजे तांबं 2, ॲसिड मशरूम 4 आणि क्रीपव्हाइन या समुद्री वेलीच्या बियांचा एक घोस. ल्युब्रिकंटला आणखी एक घोस.

एवढं लिहिलं की लगेच लक्षात येतं: बाकी सगळं उथळ पाण्यात आणि क्रीपव्हाइनच्या जंगलात सहज मिळतं, खास शोधावं लागतं ते फक्त एक शिसं. मग पूर्ण फेरी शिश्यासाठीच मारायची. जे दिसेल ते उचलत फिरलात तर खिशातली 48 घरं क्वार्ट्झ आणि मशरूमनी भरतात आणि नेमका शिश्याचा दगड समोर येतो तेव्हा जागा उरत नाही. एका फेरीला एकच लक्ष्य ठेवा, फार तर दोन.

दुसरी पायरी: दगड ओळखा

कडेकपारीला चिकटलेले फोडता येणारे दगड तीन जातींचे. गेममध्ये त्यांना आउटक्रॉप म्हणतात. जवळ गेलं की नाव पडद्यावर येतं, ते वाचूनच फोडा.

लाइमस्टोनमधून टायटॅनियम नाहीतर तांबं निघतं. सेफ शॅलोजमध्ये, म्हणजे सुरुवातीच्या उथळ भागात, गुहांच्या तोंडाशी आणि भिंतींवर हे भरपूर आहेत. तांबं कमी पडतंय असं वाटलं तर मोकळ्या वाळूवर न फिरता गुहांच्या भिंती बघा.

सँडस्टोनमधून चांदी, सोनं किंवा शिसं. सुरुवातीची सगळी अडवणूक या एका दगडापाशी होते. वायरिंग किटला चांदी लागते, कॉम्प्युटर चिपला सोनं, रेडिएशन सूटला शिसं, आणि घर बांधायच्या हॅबिटॅट बिल्डरला चिपही लागते, वायरिंग किटही. म्हणजे सँडस्टोन सापडला नाही तर घरच बांधता येत नाही.

शेलमधून लिथियम, हिरा किंवा सोनं. याची गरज नंतर लागते आणि हा खूप दूर असतो.

फोडल्यावर आत काय निघेल हे आपल्या हातात नाही. म्हणून चांदी हवी असेल तर चार सँडस्टोन फोडून परत फिरू नका, त्या भागातले दिसतील तेवढे फोडून घ्या. शिसं आणि सोनं जास्त निघालं तरी ते पुढं लागणारच आहे.

तिसरी पायरी: खोलीचा आकडा वाचा

पावसाळ्यात आपण सांगलीकर सकाळी उठल्यावर आधी आयर्विन पुलाची पातळी बघतो. 40 फूट म्हणजे इशारा, 45 म्हणजे धोका, आणि त्यावरून दिवसाचं ठरवतो. गेममध्ये पडद्याच्या वरच्या बाजूला दिसणारा खोलीचा आकडा तसाच वाचायची सवय लावा.

लाल गवताची पठारं, म्हणजे ग्रासी प्लॅटोज, साधारण शंभर मीटरच्या आसपास लागतात. सँडस्टोनसाठी ही जागा मला सगळ्यात भरवशाची वाटते. पण पठाराच्या सपाट माथ्यावर शोधू नका. कडा जिथं तुटते तिथं खाली उतरा आणि भिंतीला समांतर, हळू पोहत जा. दगड भिंतीला चिकटलेले असतात, वरून बघितलं तर दिसतच नाहीत. भावाला मी एवढंच सांगितलं. पुढचा मेसेज फोटोचा होता, खिशात चांदी आणि शिसं दोन्ही.

श्वासाचं गणित मात्र आधी जुळवा. टाकी नसेल तर 45 सेकंद हवा. तीन टायटॅनियमची साधी टाकी लावली की 75. आणि शंभर मीटरच्या खाली, रीब्रीदर हा मुखवटा नसेल तर, हवा जास्त वेगाने संपते, हे नव्या खेळाडूच्या लक्षात येत नाही. म्हणून सीग्लाइड, म्हणजे हातात धरून पोहायचं यंत्र, आधी बनवा: बॅटरी, ल्युब्रिकंट, तांब्याची तार आणि टायटॅनियम. वेग वाढतोच, शिवाय त्यावर आजूबाजूच्या जमिनीचा छोटा नकाशा दिसतो, दिवाही असतो. अर्धी हवा उरली की वळायचं, समोर दगड दिसत असला तरी.

फुटणारे मासे आणि स्टॉकरचे दात

दोन गोष्टी दगडातून मिळत नाहीत आणि त्यांनी खूप जणांना दमवलंय.

पहिली म्हणजे गुहेतलं गंधक. रिपेअर टूलला ते लागतं, बरोबर एक सिलिकॉन रबर आणि एक टायटॅनियम. ते सेफ शॅलोजच्या गुहांमध्येच असतं, पण बंद झाडात, आणि त्या झाडात क्रॅशफिश बसलेला असतो. तुम्ही जवळ गेलात की झाड उघडतं, मासा ओरडत थेट अंगावर येतो आणि फुटतो. बहुतेक जण एकदा हा दणका खातात आणि गुहेकडे परत फिरकत नाहीत. असं करा: गुहेच्या तोंडाशी थांबा, आत झाड कुठं आहे ते बघा, मासा बाहेर आला की लगेच पाठ फिरवून मोकळ्या पाण्याकडे जोरात निघा. तो मागं येतो आणि थोड्या अंतरावर स्वतःच फुटतो. मग निवांत परत जा. झाड आता उघडं असतं आणि मधोमध गंधक दिसतं, उचलून घ्या. एका गुहेत अशी दोन-तीन झाडं असू शकतात, त्यामुळे पहिलं गंधक उचलताना मागच्या भिंतीवर नजर ठेवा.

दुसरी गोष्ट स्टॉकरचे दात. एक दात आणि काच मिळून इनॅमल्ड ग्लास होते, आणि सायक्लॉप्स या मोठ्या पाणबुडीला ती तीन लागते. स्टॉकर हे लांब तोंडाचे मासे क्रीपव्हाइनच्या जंगलात फिरतात. त्यांना मारून दात मिळत नाहीत. भंगार धातूचे तुकडे तोंडात धरून फिरायचा त्यांना नाद असतो आणि ते चावताना दात पडतात. म्हणून उथळ पाण्यातून भंगाराचे तीन-चार तुकडे उचलून आणा, त्यांच्या हद्दीत एकाच मोकळ्या जागी टाका आणि लांब जाऊन दुसरं काम करा. परत येऊन वाळूवर बारीक नजरेनं शोधा. दात लहान असतो, गवतात पडला तर दिसत नाही, म्हणून जागा मोकळीच निवडा.

चौथी पायरी: स्कॅनर रूम लवकर बांधा

माझं स्पष्ट मत आहे, सीमॉथनंतर मोठ्या गाड्यांच्या मागं न लागता आधी स्कॅनर रूम बांधावी. तिचे तुकडे ग्रासी प्लॅटोजमधल्या जहाजाच्या अवशेषांभोवती सापडतात, स्कॅनरने ते स्कॅन करायचे. बांधायला टायटॅनियम 5, तांबं 2, सोनं 1 आणि टेबल कोरल 1. एवढा खर्च करून ती 300 मीटरच्या परिघातलं सामान शोधून देते. चार रेंज अपग्रेड लावली की 500 मीटर.

घर मोठं करायची गरज नाही. एक कॉरिडॉर, एक हॅच, वर दोन सोलर पॅनेल आणि शेजारी स्कॅनर रूम, झालं काम. आत गेलात की मधोमध परिसराचा नकाशा उभा राहतो. यादीतून एकच वस्तू निवडा, नकाशावर ठिपके उमटू लागतात. ठिपके कुठल्या दिशेला दाट आहेत ते बघा आणि त्या बाजूला निघा. शोध चालू असताना वीज जास्त खर्च होते, म्हणून काम झालं की शोध बंद करा. सोलर पॅनेल रात्री काही देत नाही, फार खोलवरही नाही.

यात खरी मजा एचयूडी चिपची. ती घातली की नकाशावरचे ठिपके पोहताना थेट डोळ्यांसमोर दिसतात. त्या चिपला एक कॉम्प्युटर चिप आणि एक मॅग्नेटाइट लागतं. रेंज अपग्रेडलाही मॅग्नेटाइटच. त्यामुळे दुर्मीळ मालात आधी मॅग्नेटाइटच्या मागं लागा.

मॅग्नेटाइट जेलीश्रूम केव्हमध्ये मिळतं. ही गुहा लाल गवताच्या पठारांच्या खाली आहे, आत जांभळट उजेड आणि प्रचंड मोठे मशरूम. सीमॉथ मूळ अवस्थेत 200 मीटरपर्यंतच टिकतो, त्याखाली नेऊ नका. मशरूमच्या पोकळीत क्रॅबस्नेक हे हल्ला करणारे प्राणी दडून बसतात, म्हणून मशरूमच्या तोंडांपासून लांब, भिंतीच्या कडेनं जा. गुहेच्या तोंडाशी एक बीकन, म्हणजे जागा दाखवणारी खूण, ठेवा आणि त्याला स्वतःला कळेल असं नाव द्या. बीकनला एक तांबं आणि एक टायटॅनियम पुरतं, आणि आत वळणं घेतल्यावर बाहेरची वाट शोधायला तोच उपयोगी पडतो.

मध्येच एक सांगून ठेवतो. हा गेम आपोआप सेव्ह होत नाही. आपल्याकडे वळवाच्या पावसात वीज कधी जाईल सांगता येत नाही, आणि डेस्कटॉपवर खेळत असाल तर चार मॅग्नेटाइट आणि तासाभराची मेहनत एका क्षणात जाते. घरी आलात, लॉकरमध्ये माल टाकला, की आधी सेव्ह.

पाचवी पायरी: लिथियम, हिरे आणि त्याखालचं

आता शेल. पाण्याखालची बेटं, म्हणजे अंडरवॉटर आयलंड्स, आणि माउंटन्सचा भाग या दोन्हीकडे तो मिळतो. बेटांजवळ बोनशार्क हे शिकारी मासे फिरतात, माउंटन्समध्ये रीपर लेव्हायथन हा महाकाय शिकारी. रीपर दिसण्याआधी ऐकू येतो, त्यामुळे इथं हेडफोन लावून खेळा आणि गर्जना मोठी होत गेली तर माल सोडून परत फिरा.

किती लिथियम आणायचं हे हिशोबाच्या कागदावरून ठरवा. प्लास्टील इनगॉटला एक टायटॅनियम इनगॉट आणि दोन लिथियम. प्रॉन सूटला, म्हणजे आत बसून चालवायच्या यंत्र-सूटला, दोन प्लास्टील, म्हणजे लिथियम 4, शिवाय हिरे 2. सायक्लॉप्सला तीन प्लास्टील, लिथियम 6. दोन्ही बनवायचे असतील तर दहा लिथियम एकाच मोहिमेत आणलेलं बरं, रीपरच्या हद्दीत दोनदा जायला नको. सीमॉथला स्टोरेज मॉड्यूल लावून निघा.

निकेलसाठी लॉस्ट रिव्हर, कायनाइटसाठी त्याच्याही खाली लाव्हाचा भाग. इथं अंगावरच्या टाकीवर विसंबून जाता येत नाही, प्रॉन सूट लागतो. तो मूळ अवस्थेत 900 मीटरपर्यंत जातो, लॉस्ट रिव्हरमधल्या निकेलला तेवढं पुरतं, लाव्हाच्या भागासाठी डेप्थ मॉड्यूल हवं. पण निघण्याआधी ड्रिल आर्मचे तुकडे शोधून तो बसवून घ्या. खोल पाण्यात मोठमोठे साठे असतात, ते हातानं फुटत नाहीत. ड्रिल लावला की एकाच साठ्यातून बरेच नग निघतात आणि थेट सूटच्या स्टोरेजमध्ये जातात. स्टोरेज मोकळं ठेवून गेलात तर एका खेपेत निकेलचा प्रश्न संपतो.