मोगरा आणि अनंत, दोघांना एकाच मापात मोजू नका

पांढऱ्या, वासाच्या फुलांची झाडं लावायची म्हटलं की मोगरा, अनंत आणि कामिनी शेजारी शेजारी ठेवतात आणि तिघांना सारखंच पाणी, सारखंच खत. मी पण तेच करत होते आणि दोन वर्षं अनंताच्या कळ्या उमलायच्या आधीच गळायच्या.

मोगऱ्याला ऊन हवं, रोज निदान ५-६ तास. सावलीत तो नुसता पानांनी भरतो. फुलं नव्या फुटव्यावर येतात म्हणून थंडी संपत आली की बिनधास्त छाटा, साधारण अर्धी उंची ठेवून, राहिलेली पानंही काढून टाका. उघडं झाड बघून जीव कासावीस होतो पण थोड्याच दिवसांत प्रत्येक पेराशी हिरवे कोंब डोकावतात. बहुतेक वेळा तीन कळ्यांचा झुपका असतो, मधली आधी उमलते, तिघी उमलून गेल्या की तो शेंडा दोन पानं खाली खुडायचा म्हणजे बाजूने परत फुटतं. युरिया वगैरे नकोच, नत्र जास्त झालं की पानंच पानं. शेणखत आणि थोडं बोनमील पुरे.

अनंताचं उलटं. त्याला आंबट माती लागते, पीएच (मातीचा आंबटपणा मोजायचं माप) ५ ते ६ च्या आसपास, सकाळचं ऊन आणि दुपारी सावली. पान पिवळं पण शिरा हिरव्यागार दिसल्या तर ते लोह मिळत नसल्याचं लक्षण, बोअरच्या जड, क्षारांच्या पाण्याने असं हमखास होतं. शक्य असेल तर पावसाचं पाणी साठवून घाला आणि चिलेटेड लोह (झाडाला सहज घेता येईल अशा रूपातलं लोह) द्या, त्याने नवीन पानं हिरवी येतात, जुनी पिवळी तशीच राहतात. कळ्या धरल्यावर कुंडी हलवायची नाही आणि माती एक दिवस कोरडी ठक्क, एक दिवस चिखल असं होऊ द्यायचं नाही, माझ्या कळ्या ह्याच्यामुळेच गळत होत्या. छाटणी बहर संपल्या संपल्या करा, उशीर केलात तर पुढच्या कळ्याच कापल्या जातात.

कामिनी सगळ्यात सोपी, कुंपणाला लावली तरी चालते, फक्त सारखी कातरत बसू नका नाहीतर फुलं दिसणारच नाहीत.

पिठ्या ढेकूण (पांढरी, कापसासारखी दिसणारी कीड) दिसला की लिटरभर पाण्यात ५ मिली नीमतेल आणि दोन थेंब लिक्विड सोप, संध्याकाळी, पानांच्या खालच्या बाजूला. उमललेल्या फुलांवर मात्र फवारू नका, वास जातो.