सात पोत्यांचा आर्यभट्ट

बीएस्सी फिजिक्स करून मी घरी बसले होते. त्याच सुमारास सांगलीतल्या एका कॉलेजच्या हॉलमध्ये अवकाश मोहिमांच्या इतिहासाचं प्रदर्शन लागणार होतं. माहिती सांगायला पोरं-पोरी हव्यात असं कळलं, म्हणून गेले. महिनाभराचं काम, आणि मानधन रिक्षा-चहात संपेल एवढंच. तरी संग्रहालयाच्या क्षेत्रात यायचं असेल, तर असलंच एखादं काम आधी धरा, असं मी सांगेन.

पहिले दोन दिवस मी नुसतं पाठांतर म्हणून दाखवलं. जगातला पहिला उपग्रह स्पुटनिक, ४ ऑक्टोबर १९५७, व्यास ५८ सेंटिमीटर, वजन ८३.६ किलो. लोक माना डोलवायचे आणि पुढं सरकायचे. तिसऱ्या दिवशी भारताच्या पहिल्या उपग्रहाचं, आर्यभट्टचं, वजन ३६० किलो सांगितलं, तर मार्केट यार्डातले एक काका म्हणाले, "म्हंजे हळदीची सात पोती की!" पन्नास किलोचं पोतं धरलं तर हिशेब बरोबर होता. मग मीही पोत्यांतच बोलायला लागले. १९८०चा रोहिणी उपग्रह ३५ किलोचा, म्हणजे एक पोतंसुद्धा भरत नाही. त्यावर काकांनीच विचारलं, "पाच वर्षांत सातावरनं एकावर कसं काय आलो?"

उत्तर द्यायला पाटीकडं वळले, तर तिच्यावर आर्यभट्ट श्रीहरिकोट्याहून सुटल्याचं लिहिलेलं. पाटी मीच लिहिली होती. शेजारी उभ्या असलेल्या निवृत्त गुरुजींनी हळूच सांगितलं, "बाई, तो रशियातून गेला. कापुस्तिन यारच्या तळावरून." कान गरम झाले. पण उत्तर त्यातच होतं: १९७५ला सात पोती सोव्हिएत रॉकेटनं उचलली, १९८०ला पाऊण पोतं आपल्या स्वतःच्या लहान रॉकेटनं, एसएलव्ही-३नं. त्याच्या आदल्या वर्षी, १० ऑगस्ट १९७९ला, एसएलव्ही-३चं पहिलं उड्डाण फसलं होतं. एवढं सांगितल्यावर काका अर्धा तास हलले नाहीत.

बैलगाडीवर ठेवलेल्या ॲपल या भारतीय उपग्रहाच्या फोटोपाशी मात्र रोज वाद. "गरिबी हो, दुसरं काय," असं म्हणून लोक हळहळायचे. आमच्याकडं उसाच्या गाड्या बघत वाढलेल्यांना ते खरंही वाटायचं. खरं कारण वेगळं होतं. उपग्रहाच्या अँटेनाची चाचणी घ्यायची, तर धातूमुळं रेडिओ लहरींत गडबड होते, म्हणून आसपास धातू जितका कमी तितकं बरं. लाकडी गाडी त्याला सोयीची होती. "गाडी का?" हे आधी त्यांनाच विचारायचं आणि जरा गप्प बसायचं. हे मला फार उशिरा जमलं.

शिक्षणाचं म्हणाल तर बडोद्याच्या महाराजा सयाजीराव विद्यापीठात म्युझिऑलॉजी, म्हणजे संग्रहालयशास्त्र, शिकवतात. विज्ञानाची पदवी असली म्हणून तिथं बिचकायचं कारण नाही. वस्तू हाताळणं, नोंदी ठेवणं ही कामं कंटाळवाणी वाटतात, पण करावी लागतात. पाटी लिहिली की दुसऱ्याकडून तपासून घ्या. माझं काय झालं ते वर सांगितलंच.

पैसे साठवून मी पुढं केरळातल्या थुंब्याला जाऊन आले. २१ नोव्हेंबर १९६३ला भारतातलं पहिलं रॉकेट तिथून उडालं. चुंबकीय विषुववृत्त, म्हणजे पृथ्वीच्या चुंबकीय क्षेत्राची मधली रेषा, जवळ म्हणून ती जागा निवडली होती. सुरुवातीला ज्या चर्चमध्ये काम चालायचं, तिथंच आता संग्रहालय आहे. बाकीचे रॉकेटं बघत होते, आणि मी मात्र माहिती सांगणारा माणूस बोलताना कुठं थांबतो, ते वहीत टिपून घेत होते.