मायोग्लोबिनमधला हीम गायब होत होता, तो कसा परत आला (माझा अनुभव)

आठवडाभर डोकं खात होतं हे, म्हणून लिहितोय. घोड्याच्या हृदयातलं मायोग्लोबिन (स्नायूंत ऑक्सिजन साठवणारं प्रोटीन) आयन मोबिलिटीवर (मास स्पेक्ट्रोमीटरमध्ये वजनासोबत आयन गॅसमधून किती वेळात पोचतात तेही मोजायची पद्धत) टाकत होतो, हीमसकट (त्यात बसलेला लोहवाला छोटा रेणू) वजन 17,567 डाल्टनच्या आसपास यायला हवं, पण येत होतं 16,951. वर ड्रिफ्ट टाइममध्ये (म्हणजे गॅसमधून पोचायचा वेळ) एकाच विद्युतभाराला (चार्जला) दोन उंचवटे. वाटलं सॅम्पलच गेलं, नवीन बनवलं तरी तेच.

मग वजनाच्या आलेखाच्या खालच्या टोकाला नजर गेली तर 616 ला एक पीक (उंचवटा) एकटाच उभा, वरच्या दोन वजनांतला फरकही 616च, अरे हाच तर हीम! सवयीने फॉर्मिक ॲसिड घातलेलं आणि कोन व्होल्टेज (आयन मशीनच्या आत ढकलणारं) पण पेप्टाइडवालंच (प्रोटीनच्या छोट्या तुकड्यांसाठीचं) ठेवलेलं, त्यामुळे प्रोटीन उलगडतं, हीम सुटतो, आणि उलगडलेला रेणू गॅसमध्ये जास्त धडकत जातो म्हणून उशिरा पोचतो.

ॲसिड बंद केलं, 200 मिलिमोलर अमोनियम ॲसिटेटमध्ये स्पिन कॉलमने (सेंट्रिफ्यूजमध्ये फिरवायची छोटी गाळणनळी) दोनदा बफर, म्हणजे प्रोटीनभोवतीचं द्रावण, बदलला (एकदाच केलं तर सोडियम चिकटून वजनात 22-22 ने वाढत जाणारी शेपटी राहिली), व्होल्टेज पाच-पाचने खाली आणलं. 2,197 ला +8 चार्जचा सुबक पीक (आलेखात वजन भागिले चार्ज दिसतं), हीमसकट, आणि मोबिलिटीत उंचवटा एकच. इतका आनंद झाला की लगेच प्रिंट काढून मशीनवर चिकटवली.