विज्ञानकथेसाठी काळभेग रचताना: आधी आकडा, मग थरार

काळाची भेग, म्हणजे जिच्या आत काळ बाहेरच्यापेक्षा वेगळ्या वेगाने चालतो अशी जागा, कथेत चमकते, गडगडते, माणसं गिळते, तरी वाचक घाबरत नाही. कारण तिला नियम नसतो. म्हणून लिहायला बसण्याआधी एक आकडा पक्का करा: बाहेर किती सेकंद गेले की आत एक सेकंद जातो? याला काळगुणक म्हणू. तो ठरला की धोके शोधावे लागत नाहीत, गणितातूनच निघतात.

गुणक 2 घ्या. आत काळ निम्म्या वेगाने चालतो, म्हणजे बाहेरून आत येणाऱ्या प्रत्येक लहरीची वारंवारता आतल्या माणसासाठी दुप्पट होते. 440 हर्ट्झचा सूर 880 चा, एक सप्तक वर. प्रकाशाचंही तेच. 400 ते 700 नॅनोमीटरचा दृश्य प्रकाश आत 200 ते 350 चा, म्हणजे अतिनील होतो. डोळ्यांना जे दिसतं ते बाहेरचं 800 ते 1400 नॅनोमीटरचं अवरक्त. भर दुपारी आत उभं राहिलेल्या माणसाचे डोळे आणि त्वचा आधी जातील.

बाहेरून पाहणाऱ्याचं दृश्य तर फारच सुंदर आहे, आणि बहुतेक लेखक ते वाया घालवतात. आतल्या माणसाने टॉर्च लावला तर तो बाहेर दिसत नाही, कारण त्याचा उजेड अवरक्तात घसरतो. पण बाहेरून टॉर्च मारला तर उजेड आत जाताना अतिनील होतो, वस्तूवर आपटून परत येताना पुन्हा दृश्य होतो. म्हणजे आतलं जग अतिनीलात जसं असतं तसं दिसतं. टायटॅनियम डायऑक्साइडने रंगवलेली पांढरी भिंत अतिनील शोषून घेते, म्हणून ती काळी दिसेल.

आता उष्णता. खरा मारेकरी हीच. बाहेरच्या भिंतींचं तापमान आतून गुणकाच्या पटीत भासतं, पण केल्विनमध्ये, म्हणजे निरपेक्ष शून्यापासून मोजलेल्या अंशांत. 27 अंश सेल्सिअस म्हणजे 300 केल्विन. गुणक 1.1 असेल तर 330, म्हणजे 57 अंश. थोडा वेळ निभेल. गुणक 2 ला 600 केल्विन, म्हणजे 327 अंश, आणि उष्णतेचं प्रारण तापमानाच्या चौथ्या घाताने वाढत असल्याने सोळापट. गुणक 10 ला दहा हजारपट: दर चौरस मीटरला सुमारे 46 लाख वॉट. पात्राला आत चालत जाऊन बोलायचं असेल तर गुणक 1.1 च्या आसपासच ठेवा. 100 वगैरे गोल आकडे मोहात पाडतात, पण तिथे पात्राची राखच उरेल. आत काळ वेगाने जात असेल तर सगळं उलट: गुणक अर्धा असला की बाहेरच्या भिंती 150 केल्विनच्या भासतात आणि माणूस गारठून मरतो.

सर्वांत जास्त घोळ भेगेच्या कडेवर होतो. काळाचा वेग जिथे जागेगणिक बदलतो तिथे गुरुत्वाकर्षण असतंच; वस्तू मंद काळाकडे पडतात. पृथ्वीवर घड्याळ एक मीटर वर नेलं तर ते सुमारे 10,00,00,00,00,00,00,000 भागांत एका भागाने पुढे धावतं. 2010 मध्ये प्रकाशीय घड्याळांनी, म्हणजे प्रकाशाच्या वारंवारतेवर चालणाऱ्या अतिअचूक अणुघड्याळांनी, 33 सेंटिमीटर उंचीचाही फरक मोजून दाखवला. एवढ्याशा उताराने आपण जमिनीला खिळून असतो. याच गुरुत्वात काळ दुपटीने बदलायला प्रकाशवर्षाचं सुमारे दोन-तृतीयांश अंतर लागेल. तुमची कड मात्र वीतभर. सरळ हिशेब लावला तर भेग दिसायच्या आत सगळं तिच्यात चिरडलं जाईल. म्हणून इथे एक सूट घ्या: ‘या कडेवर गुरुत्व लागत नाही’. ती सुरुवातीच्या पानांतच उघडपणे सांगा. दुसरी सूट घेऊ नका. वाचक एक मान्य करतो, दुसरीपासून हिशेब सोडून देतो.

भूतकाळात जाण्याचा मोह वेगळ्या कथेसाठी ठेवा. गणितज्ञ कर्ट गोडेलने 1949 मध्ये आइनस्टाइनच्या समीकरणांतून स्वतःच्याच भूतकाळाकडे परतणारे मार्ग काढले खरे, पण त्यासाठी अख्खं विश्व फिरतं असावं लागतं. खोलीतल्या भेगेला ते लागू होत नाही.

शेवटी शोधाची साधनं. बारीक भेग, समजा गुणक 1.000001, दिवसाला 86 मिलिसेकंदांचा फरक पाडते. साधं क्वार्ट्झ मनगटी घड्याळ महिन्याला पंधरा सेकंदांपर्यंत चुकतं, म्हणजे दिवसाला अर्धा सेकंद. त्याने काही कळणार नाही. त्यापेक्षा पात्राला दोन रुबिडियम दोलक द्या, म्हणजे रुबिडियम अणूंच्या आधारे अगदी स्थिर वारंवारता देणारी यंत्रं. बाहेरच्या दोलकावरून 100 मेगाहर्ट्झचा संदेश सोडायचा, दुसऱ्या दोलकाला जोडलेला रेडिओ-ग्राहक (रिसीव्हर) लांब काठीवर आत सरकवायचा. वारंवारता 100 हर्ट्झने वर सरकली की कड तिथेच आहे. त्याआधी दोन्ही दोलक शेजारी ठेवून, तापू देऊन त्यांच्यातला मूळ फरक नोंदवून घ्या, नाहीतर तोच फरक भेग म्हणून नकाशावर चढेल.