घटस्फोटानंतर मुलाची भेट मिळत नाही? या चुका टाळा

परस्पर संमतीच्या घटस्फोटात संमती अटींवर सह्या होतात तेव्हा दोघंही पार थकलेले असतात. एकदाचं संपू दे, एवढंच मनात असतं. मग कागदावर येतं, 'वडिलांनी सोयीनुसार मुलीला भेटावे.' पुढची सगळी भांडणं या एका 'सोयीनुसार'वरून होतात. या शनिवारी क्लास, पुढच्या शनिवारी ताप, त्यापुढच्या शनिवारी मामाकडे पूजा. न्यायालयात जावं, तर आदेश मोडला हे दाखवता येत नाही, कारण मोडता येईल असं त्यात काही लिहिलेलंच नसतं.

म्हणून अटी नेमक्या हव्यात. दुसरा आणि चौथा शनिवार, सकाळी 10 ते संध्याकाळी 6. मुलाला कुठून घ्यायचं, परत कोण सोडणार. गणपतीचे कोणते दिवस कुणाकडे, दिवाळी यंदा कुणाची आणि पुढच्या वर्षी कुणाची, मे महिन्याची सुट्टी कशी वाटायची. भेट चुकली तर बदली दिवस कोणता. व्हिडिओ कॉलची वेळसुद्धा लिहा. 2020 च्या यशिता साहू प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने वेगळ्या राज्यात किंवा देशात राहणाऱ्या पालकासाठी असा संपर्क महत्त्वाचा मानला आहे. सह्या होऊन गेल्या असतील तरी वाट बंद होत नाही. हिंदू विवाह कायद्याच्या कलम 26 खाली हुकूमनाम्यानंतरही मुलाबाबतच्या अटी बदलून मागता येतात.

'भेट नाही, तर पोटगी नाही' हे मात्र कधीच करू नका. राग मी समजू शकते, पण पोटगी आणि भेट या कायद्याच्या दृष्टीने वेगळ्या गोष्टी आहेत. पोटगी थकली की वसुलीचा अर्ज तुमच्यावरच येतो आणि तुमची खरी तक्रार मागे पडते. उलट बाजूनेही तेच: पोटगी आली नाही म्हणून मुलाला अडवून ठेवता येत नाही.

पोलीस ठाण्यातही बहुतेक वेळा 'न्यायालयात जा' हेच ऐकायला मिळतं. अंमलबजावणीसाठी कौटुंबिक न्यायालयात दरखास्त दाखल करावी लागते. 1984 च्या कुटुंब न्यायालय कायद्याचं कलम 18 त्यासाठीच आहे. पोलिसांची मदत लागणार असेल तर तीही न्यायालयाकडूनच मागा. संमती अटींमध्ये न्यायालयाला हमी दिलेली असेल आणि ती जाणूनबुजून मोडली गेली, तर उच्च न्यायालयात अवमान याचिकेचाही मार्ग आहे. तिला एक वर्षाची मुदत असते, आणि 'बघू पुढच्या महिन्यात' म्हणता म्हणता ती निघून जाते.

भेट मिळणार नाही हे आधीच कळलं असलं, तरी ठरलेल्या जागी वेळेवर जा. तिथून साधा, सभ्य मेसेज टाका: 'मी आलोय, 11 पर्यंत थांबतो.' शिवी नको, टोमणा नको. तोच मेसेज उद्या न्यायाधीश वाचणार आहेत. फोनवर दिवस बदलला तर लगेच लिहून कळवा. पूर्ण चॅट मूळ फोनमध्ये राहू द्या, नुसत्या स्क्रीनशॉटवर विसंबू नका.

आणि मूलच 'मला नाही यायचं' म्हणालं तर? दारात ओढाताण करू नका, 'आईने शिकवलंय ना?' असंही विचारू नका. त्या दिवशी परत फिरा आणि न्यायालयातल्या विवाह समुपदेशकांसमोर भेट मागा. सुरुवातीला तासभरच मिळेल. त्या तासात खटल्याविषयी एक शब्दही न काढता मुलाशी खेळा.