बचावपटूची वही कशी भरायची

कोल्हापुरात तालमीच्या फुटबॉल संघाकडून मी बारा वर्षं स्टॉपर, म्हणजे मधला बचावपटू, खेळलो. आता रविवारी सकाळी पोरांना शिकवतो. दहा पोरं आली तर नऊ जणांना फॉरवर्ड खेळायचं असतं, आणि दहाव्याला मागे उभं केलं की त्याचा चेहरा पडतो. म्हणून मी प्रत्येक बॅकला, म्हणजे मागे खेळणाऱ्या पोराला, एक वही करायला लावतो. जो बचावपटू पुढे प्रशिक्षक झाला, अशा एकाच माणसाची वही. ती कशी भरायची ते इथे सांगतो. नमुन्याला स्पेनचा ऐतोर करांका घेतलाय, कारण वहीची दोन्ही पानं इतकी एकमेकांशी बोलतात असा दुसरा माणूस मला सापडला नाही.

साधी शंभर पानी वही पुरते. डाव्या पानावर खेळाडू, उजव्या पानावर प्रशिक्षक. डावीकडे ‘केलेले गोल’ हा रकाना आखूच नका. स्टॉपरच्या बाबतीत तो रकाना रिकामाच राहतो, आणि रिकामा रकाना बघून पोरगं खचतं.

सुरुवात गावापासून करा. करांकाचा जन्म १९७३चा, बास्क प्रांतातल्या व्हितोरियाचा. पहिला मोठा क्लब बिल्बाओचा अ‍ॅथलेटिक. हा क्लब बास्क मुळाचे किंवा बास्क मातीत तयार झालेलेच खेळाडू घेतो, हे गावाच्या शेजारी लिहून ठेवा. मग त्याला कोणी शिकवलं ते लिहा. जर्मनीचा युप हाइन्केस १९९२ ते ९४ अ‍ॅथलेटिकचा प्रशिक्षक होता. तोच १९९७ला स्पेनच्याच रिआल माद्रिद क्लबला आला, आणि करांकाही त्याच वर्षी रिआलला गेला. प्रशिक्षकांची नावं आणि वर्षं अशी समोरासमोर मांडली की खेळाडूची वाट आपोआप दिसते.

आता पदकं. इथे बहुतेक जण फसतात. करांकाच्या नावावर युरोपातल्या क्लबांची सर्वांत मोठी स्पर्धा, चॅम्पियन्स लीग, तीनदा आहे : १९९८, २०००, २००२. वहीत नुसतं ‘तीन’ लिहू नका, त्यातल्या किती फायनल तो खेळला ते लिहा. एक. १९९८ला आणि २००२ला रिआलच्या मधल्या फळीत दुसरे होते. स्पेनच्या मुख्य संघाकडून तो एकच सामना खेळला, १९९५ला. हे लिहायला हात आखडू नका. बाकावर बसून दुसऱ्याचा खेळ बघण्यात गेलेली वर्षं प्रशिक्षकाच्या पानावर उपयोगी पडतात, असं माझं पक्कं मत आहे.

तो जी फायनल खेळला ती मात्र पूर्ण बघा. २४ मे २०००, पॅरिस, समोर व्हॅलेन्सिया, निकाल ३-०. बघताना आवाज बंद करा आणि दहा मिनिटं चेंडू सोडून फक्त करांकाकडे बघा. कठीण जातं, नजर चेंडूकडे पळते, पण नेटाने करा. रिआलने त्या दिवशी मध्ये तीन स्टॉपर ठेवले होते : करांका, एल्गेरा आणि इव्हान काम्पो. हिएर्रोसारखा नावाजलेला स्टॉपर सुरुवातीला बाकावर होता. मागे तिघे उभे होते म्हणून रॉबेर्तो कार्लोस आणि सालगादो दोन्ही बाजूंनी बिनधास्त वर जात होते. चेंडू आपल्याकडे असताना करांका कुठे उभा आहे, हे दर मिनिटाला एका टिंबाने मैदानाच्या चित्रात टाका. राऊलचा तिसरा गोल सगळ्यांना आठवतो, स्वतःच्या अर्ध्यातून धावत जाऊन केलेला. तुम्ही त्या क्षणी मागची फळी कुठे आहे ते बघा. पोरांनी हा व्यायाम केला की पुढच्या रविवारी निम्मी भांडणं मिटतात. ‘मी काय नुसता उभा राहू?’ असं कोणी विचारत नाही.

डावं पान २००६ला अमेरिकेतल्या कोलोरॅडो रॅपिड्सपाशी संपतं.

उजव्या पानावर घाई करून मुख्य प्रशिक्षकपदावर उडी मारू नका. करांकाने आधी स्पेनच्या लहान वयोगटातल्या मुलांसोबत काम केलं. २०१०ला रिआलचा तेव्हाचा प्रशिक्षक मोरिन्यो याने त्याला सहायक म्हणून घेतलं, आणि कितीतरी पत्रकार परिषदांना मोरिन्योच्या जागी तोच बसला. २०११-१२ला रिआलने १०० गुण आणि १२१ गोलांनी लीग जिंकली, खाल्ले ३२. हे आकडे पेन्सिलीने लिहा. ते मोरिन्योचे आहेत, करांका तिथे शिकत होता.

पेनाने लिहायला सुरुवात करायची ती नोव्हेंबर २०१३पासून. इंग्लंडच्या दुसऱ्या श्रेणीतल्या मिडल्सब्रोने त्याला आणलं. त्या क्लबचा ब्रिटनबाहेरचा तो पहिला प्रशिक्षक. मे २०१५ला वेम्ब्लीवर प्लेऑफची, म्हणजे वरच्या श्रेणीत जायची शेवटची जागा ठरवणारी, फायनल करांकाचा संघ नॉरिचकडून ०-२ हरला, आणि दोन्ही गोल पहिल्या पंधरा मिनिटांत बसले. स्टॉपर राहिलेल्या माणसाला ती पंधरा मिनिटं किती जाळत असतील, हे मला कळतं.

पुढच्या मोसमाचं पान मी पोरांकडून दोनदा लिहून घेतो. ४६ सामने, केलेले गोल ६३, खाल्लेले ३१. शेवटच्या दिवशी, ७ मे २०१६ला, समोर ब्रायटन. सामना १-१ सुटला, दोघांचे गुण ८९. मिडल्सब्रोचा गोलफरक (केलेले वजा खाल्लेले) ३२, ब्रायटनचा ३०, म्हणून मिडल्सब्रो वरच्या श्रेणीत, प्रीमियर लीगमध्ये, गेली. आता वजाबाकी करायला लावा. ब्रायटनचे केलेले गोल ७२ होते. वर्षभरात, निकाल न बदलता, मिडल्सब्रोने फक्त दोन गोल जास्त खाल्ले असते तर फरक सारखा झाला असता आणि जास्त गोल केले म्हणून ब्रायटन वर गेली असती. ३-० जिंकत असताना ८८व्या मिनिटाला उगाच खाल्लेला गोल काय किमतीचा असतो, ते या एका गणितातून पोरांना समजतं. मी स्वतः असे गोल सोडून दिले आहेत, आणि आज ते मला टोचतात.

यानंतर पोरं वही मिटू बघतात. मिटू देऊ नका. २०१६-१७च्या प्रीमियर लीगचं पान त्याच काळजीने भरा. मिडल्सब्रोने ३८ सामन्यांत ५३ गोल खाल्ले. त्याच मोसमात बोर्नमथने ६७ खाल्ले आणि ती नववी आली. मग मिडल्सब्रो एकोणिसावी का? केलेले गोल फक्त २७, त्या लीगमध्ये सगळ्यांत कमी. करांकाचं पद मार्चमध्येच गेलं होतं. म्हणून उजव्या पानावर मी ‘केलेले गोल’ हा रकाना मुद्दाम आखतो. डाव्या पानावर तो नको होता, उजवीकडे त्याच्याशिवाय चालत नाही. खेळाडू असताना वर जाणारी माणसं करांकाच्या पुढे होतीच, राऊल होता, मोरिएन्तेस होता. प्रशिक्षक झाल्यावर ती माणसं शोधणं आणि त्यांना वर सोडणं हे त्याचंच काम झालं.

एक वही पुरी झाली की दुसरी गोव्याकडे वळवा. कार्लोस पेन्या, सालामांकाचा लेफ्ट बॅक, २०१८ ते २०२० एफसी गोवाकडून खेळला. २०१९चा सुपर कप आणि २०१९-२०ची लीग शील्ड (साखळीत पहिल्या येणाऱ्या संघाची) त्याच संघाची. २०२२ला तो त्याच क्लबचा प्रशिक्षक झाला, आणि २०२२-२३च्या इंडियन सुपर लीगमध्ये संघ सातवा आला, प्लेऑफची जागा एका क्रमांकाने हुकली. ही वही भरताना दोन्ही पानांवर एकच क्लब येतो. डाव्या पानावरचे सोबती उजव्या पानावर कोण उरले, ती नावं आधी काढा, आणि मगच गोलांकडे या.